कानातला वाटाणा

सोमवार, ७ फेब्रुवारी १९८३

कोमात जाऊन आज मला तीन आठवडे झाले. पाठीचे हाल आहेत.

दोष माझ्याच जिभेचा. आमच्या मालिकेचे लेखक पालोमेके यांना मी सगळ्यांसमोर सुनावलं की मी जिचं काम करते त्या अंपारोसारखी घरंदाज विधवा एका भागात चार वेळा 'हाय रे माझं नशीब' म्हणणार नाही. ते हसले. दुसऱ्या दिवशीच्या पानावर अंपारो घोड्यावरून पडली. तेव्हापासून मी स्टुडिओत सकाळी नऊला येते, केस नीट करून घेते आणि पलंगावर आडवी होते. बाकीचे माझ्याभोवती उभे राहून भांडतात.

कानातला वाटाणा मात्र मी काढलेला नाही. आमच्या धंद्यात कुणी पाठांतर करत नाही. पानं सकाळी येतात, पाठ करायला वेळ कुणाला आहे? वाक्यं पुरवणारा निकानोर सेटमागच्या त्याच्या खोक्यात बसून सगळ्यांची वाक्यं एका सुरात वाचतो, ती कानातल्या वाटाण्याएवढ्या यंत्रातून ऐकू येतात आणि आपण बोलतो. 'रडा' म्हणाला की रडतो, 'ग्लास उचला' म्हणाला की उचलतो. बावीस वर्षं हे चाललंय. यंत्र काढलं की डोकं रिकामं वाटतं. म्हणून बेशुद्ध असले तरी मी ते घालते.

एका समीक्षकाने लिहिलंय, 'ओतिलिया बेरोन्दो यांचं गेल्या वीस वर्षांतलं हे सर्वांत संयत काम.' कात्रण इथे चिकटवते.

पण मला उठायचं आहे. मी एक्कावन्न वर्षांची आहे. या वयात पडद्यावर आडवी झालेली बाई पुन्हा उभी राहिली नाही, तर पुढच्या वर्षी तिला कुणी आजीचंही काम देणार नाही. अशा दोघी-तिघींना मी ओळखते. एक जण आता कुत्र्यांचे कपडे शिवते.

गुरुवार, १० फेब्रुवारी

आज जे घडलं ते लिहून ठेवलंच पाहिजे.

माझ्या दिराचं काम करणारा हासिंतो माझ्या पलंगाशी गुडघे टेकून गुन्हा कबूल करत होता. 'वहिनी, आता खरं सांगतो. त्या रात्री विहिरीजवळ मी...' आणि पान संपलं. पालोमेकेंनी पुढची पानं पाठवलीच नव्हती. निकानोरचं तत्त्व असं की हातात आलेला कागद वाचायचा, त्यात आपलं डोकं चालवायचं नाही. त्याने पान उलटलं. पाठीमागे स्टुडिओच्या नाश्त्याची यादी होती.

हासिंतो तीस वर्षं या धंद्यात आहे. त्याची पापणीही हलली नाही. डोळ्यांत पाणी आणून तो म्हणाला, "त्या रात्री विहिरीजवळ मी... दोन डझन टमाल. हिरव्या मिरचीचे."

मग माझ्या मुलीची, म्हणजे इनेसची पाळी. ते काम यादिरा नावाची चोवीस वर्षांची पोरगी करते. "एक डझन गोड," ती किंचाळली, "बिनमनुक्यांचे!" आणि माझ्या छातीवर कोसळून हमसून हमसून रडायला लागली.

"अतोले, मोठं पातेलं," हासिंतो घोगऱ्या आवाजात म्हणाला. "मागच्या वेळी पातळ होतं."

मक्याच्या वाफवलेल्या वड्या आणि मक्याची पेज मागवून यादी संपली. वाटाणा गप्प झाला. बावीस वर्षांत तो असा कधी गप्प झाला नव्हता. हे चित्रीकरण सहा वाजता दाखवायचं होतं, पुन्हा घ्यायला वेळ नव्हता. कॅमेरा चालू, आणि माझ्याभोवती पाच जाणती माणसं तोंड उघडं ठेवून उभी.

निकानोरचं खोकं माझ्या उशामागच्या प्लायवुडच्या भिंतीला लागूनच आहे. मी ओठ न हलवता पुटपुटले, "हासिंतोला सांग: दादा गेला त्या दिवशी एवढंच मागवलं होतं आपण, आणि कुणी खाल्लं नाही." क्षणभराने तेच वाक्य निकानोरच्या सुरात माझ्या कानात आलं, आणि हासिंतोच्या तोंडून बाहेर पडलं. वाक्य मला आवडलं.

मग यादिरासाठी काय सांगावं ते सुचेना. आमची आई आजारी माणसाच्या खोलीत जे बोलायची तेच सांगितलं: "आई, खिडकीचा पडदा धुवायला काढलाय. खोली कशी मोकळी दिसतेय बघ." ते अगदीच फुटकळ होतं, पण वेळ निघून गेला.

शुक्रवार, ११ फेब्रुवारी

चॅनेलवर काल चारशे फोन आले. माझं पुटपुटणं प्रेक्षकांना कण्हणं वाटलं. 'अंपारो कण्हली!' असं अर्ध्या शहराचं म्हणणं आहे. उरलेलं अर्धं शहर टमालांचा अर्थ लावतंय. एका वकिलाने कळवलं की ते मृत्युपत्र आहे आणि कायद्यात बसतं.

आमचे निर्माते एवारिस्तोसाहेब यांनी मला बोलावलं. पालोमेके बहिणीकडे वेराक्रूसला निघून गेलेत आणि समुद्र बघत बसणार आहेत, असं त्यांनी चिठ्ठीत लिहिलंय.

"ओतिलियाबाई, आजपासून तुम्ही लिहा."

"मी नटी आहे."

"कोण नाही म्हणतंय! फक्त शेवटच्या भागापर्यंत. पाच आठवडे."

"मग सोमवारी अंपारो शुद्धीवर येईल."

ते खुर्चीतून अर्धे उठले. "अहो, नाही हो! तुम्ही निजलात म्हणून तर लोक बघतायत. शेवटच्या भागात उठा. थेट प्रक्षेपण करू, वार्ताहर बोलावू, तुम्हाला वाटेल तेवढं लांब भाषण ठोका. आणि पुढच्या मालिकेत मुख्य काम तुमचं."

मी हो म्हटलं. पाच आठवडे पाठ सोसेल.

बुधवार, १६ फेब्रुवारी

लिहायचं म्हणून नवं टेबल घेतलं, दिवा घेतला, चष्मासुद्धा घेतला. चार दिवसांत एक ओळ नाही; चॅनेल जुनेच भाग दाखवतंय. बसलं की मला काही सुचतच नाही. घरात इतकी शांतता असते हे मला माहीत नव्हतं.

आज सकाळी लवकर स्टुडिओत गेले, पलंगावर आडवी झाले, वाटाणा घातला, डोळे मिटले. निकानोर खोक्यात बसला. मी पुटपुटायचं, त्याने लिहून घ्यायचं आणि मला वाचून दाखवायचं. नाश्त्यापर्यंत दोन भाग झाले.

"बाई, तुमच्या हातात काहीतरी आहे," तो म्हणाला.

मी म्हटलं, हात तर मी हलवतही नाही.

मंगळवार, २२ फेब्रुवारी

मी लिहिते हे सगळ्यांना कळलंय. हासिंतोने हाताने केलेला पेरूचा मुरंबा आणला आणि सांगितलं की त्याचं पात्र मनाने वाईट नाही, त्याला पोहताही येतं. डॉक्टरचं काम करणाऱ्याने मला फुलं दिली. त्याला प्रेमप्रकरण हवंय. यादिराने काहीच आणलं नाही. ती म्हणाली, "मला जरा कमी रडवा ना. डोळे सुजतात. आणि ते पडद्यासारखं काहीतरी द्या की आणखी. ते बोलताना मला माझी आई आठवली."

पोरीला भूमिकेची भूकच नाही. मी तिला तीन ओळींचं एक वाक्य लिहून दिलं, 'हे माते, तुझ्या भाळावरचा वेदनेचा मुकुट' असं सुरू होणारं. तिला श्वास पुरला नाही.

शनिवार, २६ फेब्रुवारी

टपालाची दोन पोती आली. मी बरी व्हावी म्हणून लोकांनी नवसाचे छोटे पत्र्याचे डोळे, पाय आणि डोकी पाठवलीत. तोलुकाच्या एका बाईने पत्र्याचा घोडा पाठवलाय आणि त्याला माफ करायला सांगितलंय.

दुपारी पंधरा बायका जपमाळा घेऊन आल्या. एवारिस्तोसाहेबांनी त्यांना सरळ आत सोडलं. मी जेवत होते. घास तसाच गिळून आडवी झाले. त्यांनी पूर्ण जप केला. जाताना एकीने माझ्या हनुवटीवरचा सॉस रुमालाने पुसला आणि दुसरीला म्हणाली, "बिचारीला जेवण तरी जातंय."

शुक्रवार, ४ मार्च

उठतानाचं माझं भाषण लिहून झालं. नऊ दिवस लागले. साडेतीन पानं आहेत. त्यात क्षमा आहे, मातृभूमी आहे, घोडा आहे. निकानोरने ते त्याच्या सुरात वाचलं. शेवटी खोक्यातून खोकल्याची गोळी चघळल्याचा आवाज तेवढा आला.

"कसं आहे?" मी विचारलं.

"लांब आहे, बाई."

"माझा श्वास मोठा आहे."

"बावीस वर्षं मी तुमची वाक्यं वाचताना निम्मी गाळतो. म्हणून तो पुरतो."

काय हा आगाऊपणा! पालोमेकेंची वाक्यं गाळली असतील तर ठीकच केलं. माझं भाषण मात्र शब्दन् शब्द वाच, असं बजावलंय.

बुधवार, ९ मार्च

आज दुपारी चोलुलाहून दोमितिला नावाची एक बाई आली. साठीची असेल. फडक्यात बांधलेलं मातीचं भांडं पोटाशी धरलेलं. जपवाल्यांपैकी दिसते म्हणून मी डोळे मिटले.

"डोळे उघडा बाई," ती म्हणाली. "तुम्हाला काही झालेलं नाही, ठाऊक आहे मला. हे लिहितं कोण, तेवढं सांगा."

मी एक डोळा उघडला. "मीच लिहिते."

"असं होय! मग बरं झालं, इथेच बसते." ती पलंगाच्या कडेला बसली. "आमचे आन्सेल्मो दोन वर्षं असेच पडून आहेत. छताचे पत्रे बसवताना घसरले. डॉक्टर म्हणतात, बोलत राहा, कान शाबूत असतील. आता मला सांगा, एक्केचाळीस वर्षं संसार झाला, बोलायचं ते सगळं पहिल्या दहा वर्षांत बोलून झालंय. सुरुवातीला मी देवाधर्माचं बोलले. मग बाजाराचं. मग गप्पच झाले. गप्प बसलं की खोलीत फक्त घड्याळ ऐकू येतं हो. मग तुम्ही घोड्यावरून पडलात, देव तुमचं भलं करो."

"म्हणजे?"

"म्हणजे तुमची मुलगी संध्याकाळी तुम्हाला जे बोलते ते मी लिहून ठेवते आणि सकाळी यांना सांगते. तो मुकुट वगैरे मला जमत नाही. यांना वाटेल, हिचंच डोकं फिरलं. पण पडद्याचं फार बरं होतं. मी खरंच काढला पडदा धुवायला."

मी विचारलं, मग आता अडचण कसली?

"पुढल्या शुक्रवारी तुम्ही उठणार असं पेपरात आलंय. तुम्ही उठलात की मग पलंगाशी कोण कशाला बोलेल? माणूस उठलं की सगळे आपापल्या कामाला लागतात. मग मी काय बोलू?"

मला राग आला. मी उठून बसले आणि म्हटलं, "बाई, उठायचा हक्क मला आहे की नाही?"

"आहे की! मी कुठे नाही म्हणते? फक्त विचारायला आले." तिने भांडं माझ्या मांडीवर ठेवलं. "मोले आहे. भांडं घासून परत द्या, ते सासूबाईंचं आहे."

मोलेचा तो दाट मसालेदार रस्सा उत्तम होता. तीन वेळा वाढून घेतला.

रविवार, १३ मार्च

चार दिवस चिडचिड चाललीय. माझं काय चुकलं? महिनाभर सबंध मालिका पाठीवर पेलली, तीही शब्दशः. मी उठणार, बोलणार, पुढची मालिका घेणार. चोलुलातल्या बाईंनी आपल्या नवऱ्याशी काय बोलावं हे ठरवायला मी बसलेय का?

दुपारी भांडं घासलं. मग भाषणाच्या आधी इनेस पलंगाशी बसून काही बोलते तेवढा तुकडा राहिला होता, तो लिहिला. पाच मिनिटं लागली, आणि बसून सुचला, टेबलाशी. त्यात विशेष काही नाही: कोंबड्यांचं, शेजारणीच्या नव्या दाताचं, घड्याळाला किल्ली द्यायची बंद केल्याचं.

शुक्रवार, १८ मार्च

क्रमाने लिहिते.

थेट प्रक्षेपण. वीसेक वार्ताहर. एवारिस्तोसाहेबांनी नवा टाय घातला होता. मला पांढरा रेशमी झगा आणि गालावर थोडी लाली, शुद्धीवर येणाऱ्या माणसाला शोभेल इतकी. साडेतीन पानं निकानोरच्या हातात दिली. "शब्दन् शब्द," मी म्हटलं. "शब्दन् शब्द," तो म्हणाला.

यादिरा येऊन बसली आणि बोलायला लागली. कोंबड्या, दात. ती रडली नाही. मी डोळे मिटून ऐकत होते. कान मोकळा असल्यासारखं झालं होतं. निकानोर वाचत होता, पण मला तिचाच आवाज ऐकू येत होता. ती म्हणाली, "घड्याळाला आता मी किल्ली देत नाही, आई. मीच बोलते त्याच्याऐवजी." हे मी लिहिलंय हे मला खरंच आठवेना. सेटवर कुणीतरी नाक शिंकरलं, बहुतेक हासिंतो.

मग कानात आलं, "अंपारो डोळे उघडते."

मी उघडले नाहीत.

"अंपारो डोळे उघडते," निकानोर पुन्हा म्हणाला. मग तिसऱ्यांदा. बावीस वर्षांत वाटाण्याचं मी पहिल्यांदा ऐकलं नाही, आणि वाक्य माझंच होतं. का, ते मला अजून नीट कळलेलं नाही. पाठ आखडली होती, तेही कारण असेल.

"बाई," वाटाणा हलकेच म्हणाला, "झोप लागली का?"

"नाही," मी पुटपुटले.

"मग पुढचं वाचू?"

मला ती साडेतीन पानं दिसत होती. क्षमा, मातृभूमी, घोडा. उठले असते तर ते सगळं माझं होतं, आणि पुढचं वर्षही माझं होतं. मला उठायचं होतं, हे मी इथे स्पष्ट लिहिते. मला फार उठायचं होतं.

"ती पानं ठेव बाजूला," मी म्हटलं. "पोरीला सांग: बरं आई, उरलेलं उद्या सांगते."

निकानोरने गोळी चघळणं थांबवलं, ते मला भिंतीतून ऐकू आलं. मग त्याने वाचलं. यादिराने माझ्या पायावरचं पांघरूण नीट केलं आणि म्हणाली, "बरं आई. उरलेलं उद्या सांगते." आणि दिवा न विझवता निघून गेली.

शनिवार, १९ मार्च

एवारिस्तोसाहेब सकाळी घरी आले. आधी तासभर ओरडले. मग फोनबद्दल सांगितलं. काल फोनच्या तारा तापल्या म्हणे. सगळे विचारत होते, उद्या म्हणजे किती वाजता? चॅनेलला आणखी ऐंशी भाग हवेत.

"तुम्हीच लिहायचे," ते म्हणाले. "पण पलंगावर तुम्ही नको. तुमचा भरवसा नाही."

"मी बेशुद्ध पडलेली असते, त्यात भरवसा कसला?"

"तेच! सांगितल्यावर उठत नाही ती बाई मला परवडत नाही."

पुढच्या मालिकेतलं मुख्य काम दुसऱ्या कुणाला तरी देऊन टाकलंय. मी जेवले नाही. संध्याकाळी मात्र दोन अंडी खाल्ली.

सोमवार, ११ एप्रिल

नवी अंपारो निवडायला आम्हाला दोन आठवडे लागले. अठरा बाया आडव्या करून पाहिल्या. एक फार श्वास घेते, एक पायाची बोटं हलवते, एकीला खरोखर झोप लागली आणि ती घोरली. शेवटी मिळाली ती नाट्यशाळेत शिकवते. मला विचारते, बेशुद्ध असताना अंपारोच्या मनात काय चालू असतं? मी म्हटलं, पाठीचा विचार. त्याच समीक्षकाने लिहिलंय की नव्या अंपारोत ती खोली नाही. कात्रण चिकटवते.

मी आता खोक्यात बसते, निकानोरशेजारी. जागा दीड माणसाची आहे. तो वाचतो, आणि मध्येच मान वळवून मला गोळी देतो. वाटाणा कपाटात ठेवून दिलाय.

आज भांडं पोचल्याचं पोस्टकार्ड आलं, दोमितिलाबाईंच्या बारीक अक्षरात. 'हे उठलेले नाहीत. परवा पडद्याचं बोलले तेव्हा यांनी मान खिडकीकडे वळवली. उजेडामुळेही वळली असेल, मी फक्त कळवते. पडदा धुऊन झाला. आता पुढे काय बोलू?'

निकानोर म्हणाला, "बाई, उद्याचं पहिलं पान द्या." मी पोस्टकार्ड पालथं घालून त्याच्याच पाठीवर लिहिलं:

इनेस (पलंगाशी बसते): आई, पडदा धुण्यात आटला. आता सकाळचं ऊन थेट तुझ्या पायांवर येईल. चटका लागला तर सांग हं.